प्रतिगावे आणि अस्सलपणाचा प्रश्न

इटलीच्या लिगुरिया किनाऱ्यावर पोर्तोफिनो नावाचे लहानसे बंदर आहे. पाण्याच्या कडेने एकमेकांना खेटून उभी असलेली उंच, अरुंद घरे, त्यांचे गेरू, गुलाबी आणि पिवळे रंग, हिरव्या झडपा हे चित्र आपण कधी ना कधी कॅलेंडरवर पाहिलेले असते. या किनाऱ्यावरच्या घरांच्या भिंती जवळून निरखल्या, तर काही खिडक्या, काही दगडी चौकटी आणि कंगोरे चक्क रंगवलेले निघतात. दगड कोरून घेण्याचा खर्च तर टाळायचा, पण दर्शनी बाजू भारदस्त दिसली पाहिजे. म्हणून रंगाऱ्याने सगळी नक्षी सावल्यांसकट भिंतीवर काढून द्यायची, असा लिगुरियातला जुना रिवाज आहे. खिडकी जिथे शोभते तिथे ती असते. तिच्यामागे खोली असेलच असे नाही.

पुण्याच्या पश्चिमेला मोसे खोऱ्यात, वरसगाव धरणाच्या जलाशयाकाठी लवासा वसवायचे ठरले तेव्हा आराखड्यापुढे नमुना होता तो याच पोर्तोफिनोचा. अमेरिकेतल्या एचओके या वास्तुरचना संस्थेने बृहद् आराखडा केला आणि दासवे इथे पहिली वस्ती उभी राहिली. पाण्यालगत रंगीत इमारतींची रांग आली, कमानी आल्या, फरसबंद रस्ता आला. पुढचे सगळे वर्तमानपत्रांतून ठाऊक आहेच. जमिनींचे वाद झाले, नोव्हेंबर २०१० मध्ये केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाने काम थांबवण्याची नोटीस काढली, २०१८ मध्ये प्रकरण दिवाळखोरीच्या प्रक्रियेत गेले. या सगळ्या काळात एक शेरा मात्र वारंवार कानावर यायचा, की सह्याद्रीत इटली कशाला, हे सगळे खोटे आहे. पाणी, जमीन आणि डोंगरफोड यांविषयीचे आक्षेप मला पटतात. ‘खोटे’ या शेऱ्यापाशी मात्र मी थबकतो. नमुन्याच्याच खिडक्या रंगवलेल्या असतील, तर खोटेपणा मोजायचा कुठून? लवासाने पोर्तोफिनोचे रंग घेतले आणि तिथले कोळी, त्यांच्या होड्या, जाळी वाळत घालायची जागा हे सगळे सोडून दिले. काय घेतले आणि काय सोडले याचा हा हिशेब ‘खोटे’ म्हणून मोकळे होण्यापेक्षा कितीतरी अधिक सांगतो.

हा हिशेब मांडायला शिकणे म्हणजेच नकललेल्या वास्तूंच्या अभ्यासात पाऊल टाकणे. या क्षेत्राला अजून स्वतःचे पक्के नाव नाही आणि स्वतंत्र विभागही क्वचितच असतो. वास्तुकलेचे इतिहासकार, वारसा जतन करणारे, मानववंशशास्त्रज्ञ, नगररचनाकार आणि कायद्याचे अभ्यासक आपापल्या दारातून इथे येतात आणि बऱ्याचदा एकमेकांना ओळखही दाखवत नाहीत. नव्या वाचकासाठी ही सोयीचीच गोष्ट आहे, कारण कुठल्याही दाराने आत आलात तरी चालते. फक्त एक सवय बाहेर ठेवून यावे लागते, ती म्हणजे नकलेला पाहताक्षणी हसण्याची.

माझे म्हणणे थोडक्यात असे, की वास्तूची नक्कल ही त्या वास्तूवरची टीका असते. टीका म्हणजे आपल्या जुन्या ग्रंथपरंपरेत होती तशी, भाष्य या अर्थाने. ज्ञानेश्वरी गीतेवर उभी आहे म्हणून तिला कुणी दुय्यम प्रत म्हणत नाही. टीकाकार कुठे थांबला, कुठे पाल्हाळ लावला, काय गाळले, यातून तो, त्याचा काळ आणि त्याचा श्रोता कळतो. नकललेले गावही असेच वाचता येते. ते मूळ गावाविषयी थोडे सांगते, नकलणाऱ्याविषयी पुष्कळ. मग अस्सलपणा हा दगडात मुरलेला गुण उरत नाही. कुणीतरी, कुणासाठी तरी, काहीतरी हेतूने केलेला तो दावा ठरतो आणि दावा म्हटला की पुरावा तपासता येतो.

या विषयावरची बरीचशी चर्चा आजच्या चीनपासून सुरू होते आणि तिथेच संपते. आपण आधी थोडे मागे जाऊ. चीनचा पहिला सम्राट छिन शृ ह्वांग एकेक राज्य जिंकत गेला तसतशी त्या त्या राजवाड्याची प्रतिकृती आपल्या राजधानीजवळ बांधवत गेला, असे इतिहासकार सुमा छियेनने लिहून ठेवले आहे. हरलेल्या राजाचा वाडा जेत्याच्या अंगणात उभा करायचा, हा विजयाचा पुरावा. अठराव्या शतकात छ्येनलुंग सम्राटाने छंग्द इथे ल्हासाच्या पोताला राजवाड्याच्या धर्तीवर भव्य मंदिर उभारले, ते मंगोल आणि तिबेटी सरदारांवर छाप पाडण्यासाठी. इथे कुणाची फसवणूक होत नव्हती. पाहणाऱ्याला मूळ कुठले ते ओळखू यावे, हाच तर हेतू.

युरोपात नकलेची प्रेरणा वेगळी होती. पंधराव्या शतकाच्या अखेरीस बेर्नार्दिनो काइमी या फ्रान्सिस्कन साधूने उत्तर इटलीत वराल्लो इथल्या डोंगरावर ‘नवे जेरुसलेम’ उभारायला घेतले. ज्यांना पवित्र भूमीची यात्रा झेपणार नाही त्यांनी इथे यावे, ही कल्पना. इथिओपियातल्या लालिबेला इथली कातळात वरून खाली कोरलेली चर्चे (वेरूळचे कैलास पाहिलेल्याला ही पद्धत वेगळी समजवावी लागत नाही) तीही नव्या जेरुसलेमच्या कल्पनेशी जोडलेली आहेत आणि तिथल्या ओढ्याला जॉर्डन नदीचेच नाव आहे. आपल्याला यात परके काही वाटायला नको. वाई, पैठण, कोल्हापूर यांना दक्षिण काशी म्हणताना कुणी घाटांच्या पायऱ्या मोजून पाहिल्या नव्हत्या. पुण्याजवळ केतकावळ्याला बांधलेले प्रतिबालाजीचे देऊळ मात्र तिरुमलाच्या देवळाशी दिसण्यात आणि पूजाविधीतही जमेल तेवढे मिळतेजुळते ठेवलेले आहे. तिथे जाणारा भाविक दुधाची तहान ताकावर भागवतो आहे असे बाहेरून कुणी म्हणेल. त्याला स्वतःला तसे वाटते का, हे विचारल्याशिवाय कळणार नाही, आणि असे विचारणे हे या अभ्यासातले निम्मे काम आहे.

दक्षिण काशी आणि प्रतिबालाजी यांत जो फरक आहे, तशाच फरकावर १९४२ साली रिचर्ड क्राउटहाइमर या इतिहासकाराने एक निबंध लिहिला. तो आजही या क्षेत्रातला पहिला धडा म्हणून वाचावा असा आहे. मध्ययुगीन युरोपात जेरुसलेमच्या पवित्र थडग्याच्या चर्चच्या ‘प्रती’ म्हणून बांधलेली कितीतरी चर्चे त्याने तपासली. ती मूळ चर्चसारखी दिसत नाहीत आणि आपसातही जुळत नाहीत. अकराव्या शतकात जर्मनीतल्या पाडेरबोर्नच्या बिशपने एका मठाधिपतीला खास जेरुसलेमला पाठवून मापे आणवली. इतका खटाटोप करून बांधलेले चर्च झाले अष्टकोनी. मूळ वास्तू तर गोल. त्या काळच्या माणसाला यात विसंगती दिसली नाही. खांबांची संख्या, एखादे माप, गोलाकाराची जाणीव करून देणारी रचना, किंवा नुसते समर्पणाचे नाव, एवढ्यावर नाते जुळत असे. हुबेहूब दिसणे ही प्रतीची कसोटी फार नंतरची आहे. छपाई, मोजणीचे नकाशे आणि पुढे छायाचित्रे आल्यावर ती आपल्या अंगवळणी पडली, इतकी की दुसरी कसोटी असू शकते हेच आपण विसरलो.

आता घरचे उदाहरण. औरंगाबादचा, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरचा बिबी का मकबरा. औरंगजेबाची बेगम दिलरस बानू १६५७ साली वारली आणि तिच्यासाठी ही कबर १६६०च्या सुमारास बांधून झाली. प्रवेशद्वारावरच्या लेखात वास्तुकार अताउल्ला आणि अभियंता हंसपत राय ही नावे आहेत. अताउल्ला हा ताजमहालाचा मुख्य वास्तुकार मानल्या गेलेल्या उस्ताद अहमद लाहोरीचा मुलगा. म्हणजे बापाच्या कामाची प्रत मुलाने केली. घुमट आणि खालचा पट्टा संगमरवरी, बाकी भिंती दगडावर चुन्याच्या गिलाव्याच्या. खर्च सुमारे पावणेसात लाख रुपये झाल्याची नोंद सांगितली जाते. ‘गरिबांचा ताज’ हे नाव तिला चिकटले ते यामुळेच, आणि मार्गदर्शकांपासून जुन्या इंग्रज लेखकांपर्यंत सर्वांनी तिच्या उंच मनोऱ्यांना आणि आखडलेल्या घुमटाला नावे ठेवली.

पण ताज डोक्यातून काढून मकबरा पाहायचा प्रयत्न करा. इथे रुंदी आवळून उंची वाढवली आहे. मधल्या इमारतीच्या कोपऱ्यांवर ताजमध्ये छत्र्या आहेत, इथे लहान मिनार आहेत, त्यामुळे नजर सारखी वर ढकलली जाते. गिलाव्यातले वेलबुट्टीचे काम इतके नाजूक आहे की संगमरवर नसल्याची खंत त्याच्यासमोर टिकत नाही. आत गेल्यावर कबर आपल्या पातळीवर नसते. अष्टकोनी कठड्यावरून वाकून खाली पाहावे लागते. ताजच्या मुख्य दालनात आपण दिसण्यापुरत्या कबरीसमोर उभे राहतो, खरी कबर तळघरात असते. मकबऱ्याने ती दुहेरी व्यवस्था मोडून टाकली आणि खालची खरी कबरच उघड्यावर आणली. ही आर्थिक ओढाताण होती, बदललेली धार्मिक वृत्ती होती की नुसती वास्तुकाराची लहर, यावर वाद घालता येईल. ताजची नुसती नक्कल करणाऱ्याला हे सुचले नसते, एवढे मात्र मी खात्रीने म्हणेन. अताउल्लाने वडिलांची वास्तू वाचली आणि ती जिथे पटली नाही तिथे दुरुस्त केली.

चीनकडे येऊ. २००१ साली शांघायने ‘एक शहर, नऊ नगरे’ अशी योजना आखली. मध्यवर्ती शहरावरचा लोकसंख्येचा भार बाहेर वळवायचा आणि उपनगरांना आकर्षण म्हणून काही नगरांना एकेका युरोपीय देशाचा चेहरा द्यायचा. सोंगज्यांग इथले टेम्स टाऊन त्यातले सर्वांत गाजलेले. ब्रिटिश संस्था ॲटकिन्सने ते रचले, २००६ साली ते पुरे झाले. ट्यूडर काळातल्यासारखी लाकडी पट्ट्यांची घरे, जॉर्जियन चाळवजा ओळी, पाण्याकाठी व्हिक्टोरियन गोदामे, लाल टेलिफोन खोके, चर्चिलचा पुतळा, ब्रिस्टलच्या एका चर्चवरून बेतलेले चर्च. इंग्लंडातल्या गावाला हे सगळे अंगावर चढवायला पाचशे वर्षे लागली असती; इथे ते पाच-सहा वर्षांत झाले. घरे बऱ्याच अंशी गुंतवणूक म्हणून विकत घेतली गेली आणि पुष्कळशी रिकामी राहिली. चर्चसमोरच्या हिरवळीवर मात्र लग्नाचे फोटो काढून घेणाऱ्या जोडप्यांची रांग लागू लागली.

परदेशी पत्रकारांनी टेम्स टाऊनवर यथेच्छ हसून घेतले. माझ्या मते त्याच योजनेतले आनटिंग हे जर्मन नगर कितीतरी अधिक शिकवते आणि त्याच्याकडे फारसे कुणी पाहिले नाही. आनटिंग हे मोटारींचे गाव, फोक्सवॅगनच्या भागीदारीतला कारखाना तिथेच. म्हणून जर्मन चेहरा. आराखडा आल्बर्ट श्पेअर अँड पार्टनर या फ्रँकफर्टच्या संस्थेचा. (संस्थेचा तेव्हाचा प्रमुख आल्बर्ट श्पेअर म्हणजे हिटलरच्या वास्तुकाराचा त्याच नावाचा मुलगा. वडिलांनी बर्लिनचे जागतिक राजधानीत रूपांतर करायचे कागदावर योजले होते.) या मंडळींनी परीकथेतली लाकडी घरे काढायला साफ नकार दिला. जर्मन नगररचनेचे खरे सार म्हणजे भोवताली इमारती आणि मधोमध चौक असलेली बंदिस्त गाळेबांधणी, उष्णता राखणाऱ्या भिंती, चालण्याजोगे रस्ते. तेच द्यायचे त्यांनी ठरवले. बाहेरून पाहिले तर आधुनिक, साध्या, रंगीत इमारती. ग्योथं आणि शिलर यांच्या वायमारमधल्या पुतळ्याची प्रत तेवढी चौकात आली.

आणि घरे खपेनात. चौकाभोवती इमारती घातल्या की काही घरांची तोंडे पूर्व-पश्चिमेला, काहींची उत्तरेला होणारच. शांघायच्या गिऱ्हाइकाला दक्षिणेचे ऊन येणारी खिडकी हवी असते. त्याशिवाय तो घराकडे बघतही नाही. वर इमारती पुरेशा ‘जर्मन’ दिसत नव्हत्या, ही तक्रार वेगळीच. म्हणजे ज्यांनी वरवरची नक्कल टाळून आतले तत्त्व प्रामाणिकपणे आणले, त्यांचेच नगर रहिवाशांच्या गळी उतरले नाही. टेम्स टाऊनने दर्शनी बाजू इंग्लंडची घेतली. आनटिंगने परकी राहणीच आणली. अस्सल कोण, या प्रश्नाला इथे दोन परस्परविरुद्ध उत्तरे मिळतात, आणि दोन्ही पुराव्यानिशी.

बियांका बॉस्कर यांचे ‘ओरिजिनल कॉपीज’ हे २०१३चे पुस्तक या चिनी प्रतिगावांवरचे सर्वांत वाचनीय पुस्तक आहे. छिन सम्राटापासून चित्रकलेतल्या अनुकरणाच्या शिस्तीपर्यंत अनेक धागे त्यांनी जोडले आहेत. सहाव्या शतकातल्या श्ये ह च्या चित्रकलेच्या सहा तत्त्वांत जुन्या चित्रांची प्रत करून परंपरा पुढे नेणे हे एक तत्त्वच आहे. पुस्तक जरूर वाचा, पण ‘चिनी संस्कृतीत नकलेला मान आहे’ असा सरधोपट निष्कर्ष काढून थांबू नका. जमिनीचे हक्क विकून नगरपालिकांनी पैसा उभारणे, नव्या मध्यमवर्गाला भोगायचे असलेले परदेश, घाईत असलेले विकासक, ही कारणे संस्कृतीइतकीच भारी आहेत. आणि नक्कल हा काही चीनचा मक्ता नाही. अमेरिकेत व्हर्जिनियातले विल्यम्सबर्ग रॉकफेलरांच्या पैशाने १९२६ पासून अठराव्या शतकात परत नेण्यात आले. कॅलिफोर्नियातले सोलव्हँग डॅनिश लोकांनी वसवले खरे, पण त्याला आजचा डॅनिश वेष बराच नंतर, मुख्यतः दुसऱ्या महायुद्धानंतर चढवला गेला. पुढे चीनमध्येच हवा बदलली. २०२० साली सरकारने परदेशी इमारतींची नक्कल करण्यावर बंदी घालणारा आदेश काढला.

हालश्टाटचे प्रकरण मी नेहमी शेवटी सांगतो, कारण त्यात मूळ आणि प्रत यांची अदलाबदल होते. ऑस्ट्रियातले सरोवराकाठचे हे जेमतेम साडेसातशे वस्तीचे गाव मिठाच्या खाणींवर जगले. युरोपच्या आद्य लोहयुगाला याच गावाचे नाव आहे. १९९७ पासून ते जागतिक वारसा यादीत आहे. चीनच्या ग्वांगदोंग प्रांतात हुइचौजवळ एका खाणकंपनीशी संलग्न विकासकाने त्याची प्रत बांधायला घेतली. गावकऱ्यांना हे बातमीतूनच कळले आणि आधी ते संतापले. जून २०१२ मध्ये प्रतिगाव उघडले तेव्हा मात्र हालश्टाटचे महापौर स्वतः समारंभाला हजर होते. जाहिरात फुकट मिळत होती.

त्यानंतरच्या दशकात मूळ गावात पर्यटकांची एवढी रीघ लागली की २०२३ साली रहिवाशांनी निदर्शने केली आणि सरोवराचे प्रसिद्ध दृश्य दिसते त्या ठिकाणी सेल्फीवाल्यांना अडवायला लाकडी कुंपण घालण्यात आले. ते थोड्याच दिवसांत काढावे लागले. गर्दीची कारणे अनेक, एका कोरियन मालिकेपासून समाजमाध्यमांपर्यंत. सगळी जबाबदारी प्रतिगावावर टाकता येणार नाही. ज्या ‘हजारो वर्षे जुन्या’ दृश्यासाठी ही गर्दी, त्याचा हिशेब मात्र तपासण्यासारखा आहे. १७५०च्या आगीत गावाचा मोठा भाग जळाला आणि बरोक वळणाने पुन्हा बांधला गेला. चित्रात उठून दिसणारा चर्चचा टोकदार मनोरा एकोणिसाव्या शतकातला. गावात सडक पोहोचली १८९० साली. कॅमेरा रोखून ज्याचे दृश्य टिपायचे ते गाव एका अर्थी फोटोइतकेच अलीकडचे आहे.

इथून आपण जतनाच्या प्रदेशात शिरतो आणि प्रश्न अवघड होतात, कारण इथे नक्कल म्हणायची लाज असते. इंग्रज लेखक रस्किनने १८४९ साली जीर्णोद्धाराला सरळ असत्य ठरवले. मेलेल्याला जसे उठवता येत नाही तसे गेलेल्या इमारतीला परत आणता येत नाही, असे त्याचे मत. त्याच काळात फ्रान्समध्ये वास्तुकार व्हियोले-ल-द्युक कार्कासॉनच्या तटबंदीला असे रूप देत होता, जे तिला पूर्वी एकाच वेळी कधी लाभले असेल याची खात्री नव्हती. हे त्याला ठाऊक होते आणि त्याने ते आपल्या जीर्णोद्धाराच्या व्याख्येतच मान्य केले होते. १९०३ साली व्हिएन्नाचा कला-इतिहासकार आलोइस रीग्ल याने या भांडणाला एक उपयोगी वळण दिले. इमारतीत आपल्याला एकाच वेळी वेगवेगळी मूल्ये हवी असतात, असे त्याने दाखवले. तिने इतिहासाचा पुरावा व्हावे, तिच्या झिजेतून काळ दिसावा आणि शिवाय ती नवी कोरी, वापरण्याजोगीही असावी. ही मूल्ये एकमेकांच्या आड येतात. जतनाविषयीच्या १९६४च्या व्हेनिस सनदेने बाजू घेतली ती जुन्या दगडाची. जिथे अंदाज सुरू होतो तिथे दुरुस्ती थांबली पाहिजे, असा तिचा दंडक.

तो दंडक वॉर्साच्या जुन्या शहराला लावून पाहा. १९४४च्या उठावानंतर जर्मन फौजांनी ते पद्धतशीर उद्ध्वस्त केले. ऐतिहासिक भागातल्या ८५ टक्क्यांहून अधिक इमारती गेल्या. वास्तुशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी युद्धापूर्वी केलेली मापचित्रे लपवून वाचवली गेली होती. त्यांच्या जोडीला अठराव्या शतकातल्या बेर्नार्दो बेलोत्तोची रंगचित्रे होती. त्यांवरून शहर पुन्हा उभे राहिले. गंमत अशी की ते १९३९ सालचे शहर नव्हते. एकोणिसाव्या शतकातली भर नकोशी म्हणून गाळली गेली, मागच्या अंगणांतली दाटी काढून उजेडाला वाट केली आणि जुन्या चेहऱ्यांमागे नवी राहती घरे बसवली. बेलोत्तो चित्रकार होता, मोजणीदार नव्हता. त्याने रंगवताना इमारतींना जे सजवले तेही काही ठिकाणी चुन्या-विटांत उतरले. १९८० साली युनेस्कोने या शहराला वारसा यादीत घेतले ते पुनर्बांधणीचे असाधारण उदाहरण म्हणून. वॉर्साच्या लोकांना विचारले तर त्यांचे शहर खरे आहे, कारण ते नष्ट करायला निघालेल्यांना त्यांनी दिलेले ते उत्तर आहे. टेम्स टाऊनपेक्षा हे वेगळे का, या प्रश्नाचे उत्तर विटांत सापडत नाही. ते कुणी, कुणाविरुद्ध, कशासाठी बांधले यात सापडते.

जपानमधल्या इसे मंदिराचे उदाहरण आता इतके रुळले आहे की ते घासून गुळगुळीत झाले आहे. दर वीस वर्षांनी शेजारच्या रिकाम्या जागेवर तेच मंदिर नव्याने बांधायचे. सातव्या शतकाच्या अखेरीस सुरू झालेली ही प्रथा २०१३ साली बासष्टाव्या खेपेला पोहोचली. अखंड म्हणून सांगितली जाणारी ही परंपरा यादवीच्या काळात शंभराहून अधिक वर्षे खंडित झाली होती, हे सांगायला बहुतेक लेखक विसरतात. मंदिराबरोबर बांधणारे हातही दर पिढीला नव्याने तयार होतात, हा त्यातला मोठा मुद्दा. अशा परंपरांना व्हेनिसचा दंडक लावता येत नाही, हे अस्सलपणाविषयीच्या १९९४च्या नारा दस्तऐवजाने मान्य केले. अस्सलपणा प्रत्येक संस्कृतीच्या संदर्भात तपासायचा. सामग्रीबरोबर रूप, वापर, कारागिरी, जागा आणि भावही मोजायचा. तत्त्व चांगले आहे. आपल्याकडे त्याचा सोयीस्कर अर्थ लावला जातो, ही माझी तक्रार. हेमाडपंती देवळावर ऑइलपेंटचे थर चढवणारे आणि जुना सभामंडप पाडून काँक्रीटचा बांधणारेही ‘देव तोच, देऊळ नवे’ असे म्हणतात. इसेच्या सुताराला मात्र आधीच्या पिढीचा सांधा जसाच्या तसा घडवता यावा लागतो. ती अट काढून टाकली की उरते ती नुसती पाडापाडी.

गोव्यातल्या बॉम जेझूस बासिलिकेकडे या सगळ्या शिदोरीनिशी पाहावे. जुन्या गोव्यात शेजारची चर्चे पांढरीशुभ्र आणि ही एकटी उघड्या जांभ्याची, तांबूस, सुरकुतलेली. पाहणाऱ्याला वाटते, हेच चारशे वर्षांचे खरे रूप. प्रत्यक्षात १९५०च्या दशकात बाल्ताझार कास्त्रो या पोर्तुगीज जतनकाराच्या देखरेखीखाली तिचा गिलावा काढण्यात आला. दगड उघडा दिसला की इमारत जुनी वाटते, ही विसाव्या शतकातली युरोपीय आवड होती. बांधणाऱ्यांनी जांभ्यावर गिलावा केला होता तो पावसापासून वाचवायला. उघडा जांभा कोकणातल्या पावसात झिजतो, म्हणून गिलावा परत करावा की नाही, यावर गेली काही वर्षे वाद चालू आहे. परत केला तर लोक म्हणतील, जुने चर्च रंगवून टाकले. नाही केला तर ज्याला सगळे अस्सल समजतात ते सत्तर वर्षांचे रूप जपताना चारशे वर्षांचा दगड जाईल. रीग्लची दोन मूल्ये इथे एकाच भिंतीवर भांडतात, आणि दोघांच्याही बाजूने बोलणारे लोक प्रामाणिक आहेत.

सिद्धांतांबद्दल एक सूचना. या विषयावर लिहू लागले की बेन्यामिनचे तेजोवलय, एकोची अतिवास्तवता आणि बोद्रियारची मूळ नसलेली प्रत या विचारवंतांच्या संकल्पना हाताशी येतातच. तिघेही वाचावेत. एकोने अमेरिकेतली मेणाची संग्रहालये हिंडून लिहिले, त्यामुळे त्याच्या लेखनात पाहिलेल्या वस्तूचा वास आहे. बोद्रियारच्या वाक्यांना मात्र कुठल्याही गावाचे नाव जोडता येते, आणि तिथेच धोका आहे. विद्यार्थ्यांच्या निबंधांत अनेकदा पहिल्या पानावर बोद्रियार येतो आणि शेवटच्या पानापर्यंत इमारतीचे एक माप येत नाही. उलट क्रमाने जावे. आधी पाठीमागची बाजू पाहावी. दर्शनी भिंत सगळे जगाला दाखवण्यासाठी बोलते, पाण्याचे नळ, वाळत घातलेले कपडे आणि कचऱ्याचे डबे रहिवाशांसाठी. घराची तोंडे कुठल्या दिशेला आहेत, खालचे दुकान चालते का, मालक राहतो की भाडेकरू, देखभालीचे पैसे कोण भरते, हे विचारावे. आनटिंगचे अर्धे कोडे दक्षिणेच्या उन्हाने सुटते, कुठल्याही सिद्धांताने नव्हे.

मराठीत या क्षेत्रात करायला भरपूर काम पडले आहे. लवासाच्या आराखड्याची तुलना लिगुरियातल्या बांधणीशी, खोली-रुंदीच्या मापांसह, करता येईल. केतकावळ्याच्या मंदिरात आणि तिरुमलात नेमके कोणते विधी सारखे आहेत आणि कुठले गाळले, हे भाविकांशी बोलून लिहिता येईल. दक्षिण काशी म्हणवणाऱ्या गावांना हे नाव कुणी, कोणत्या शतकात दिले आणि त्यामागे कुणाचा पैसा होता, हे माहात्म्यग्रंथ आणि दानपत्रे एकत्र ठेवून शोधता येईल. सुरुवात कुठून करावी असे विचाराल तर मी मकबऱ्याचे नाव घेईन. सकाळी लवकर जा, मोजपट्टी आणि वही बरोबर ठेवा, आणि ताजचे छायाचित्र मात्र घरी ठेवून जा. ते दुसऱ्या भेटीत न्या.